डेपोतला हमाल आणि ठाण्याचा डॉक्टर

(आकाशवाणीवरून केलेल्या भाषणाचा संपादित भाग)

आलापल्लीच्या शाळेत मी एकोणतीस वर्षं चित्रकला शिकवली. चंद्रपूरकडून आलं की आमचं गाव लागतं आणि इथून रस्ते फुटतात. एक भामरागडला, एक एटापल्लीला, एक सिरोंच्याला, एक अहेरीला. बाहेरच्या माणसाला आलापल्ली ठाऊक असते ती सागवानासाठी. वनखात्याचा लाकडाचा डेपो, आरागिरणी, लिलावाला येणारे व्यापारी आणि जवळच राखून ठेवलेला जुन्या सागांचा पट्टा. त्याला आम्ही ‘वनवैभव’ म्हणतो. २०१४ साली सरकारनं त्याला जैवविविधता वारसा स्थळ म्हणून जाहीर केलं. आमच्याकडच्या झाडांचा इतिहास असा नीट लिहिलेला आहे. ती झाडं तोडणाऱ्या, ओढणाऱ्या, गाडीत चढवणाऱ्या माणसांविषयी मात्र फारसं कुठं काही सापडत नाही.

आज मी एका चित्रकाराविषयी बोलणार आहे. तो आमच्या भागातला नाही. पण त्याच्याकडे वळण्याआधी मला माझी एक चूक सांगितली पाहिजे. ती चूक घडली नसती तर या चित्रकाराची चित्रं पाहून मी एवढा अस्वस्थ झालो नसतो.

एलिमेंटरी आणि इंटरमिजिएट या चित्रकलेच्या सरकारी परीक्षा आपल्यापैकी पुष्कळांनी दिल्या असतील. त्यात स्मरणचित्र नावाचा एक विषय असतो. बाजार, बसस्थानक, गणपतीची मिरवणूक, पाणवठा असे प्रसंग आठवून काढायचे. मी वर्गात सराव घेत असे. एकदा मी ‘माझ्या गावातील एक दृश्य’ असा विषय दिला. मुलांनी नेहमीप्रमाणे दोन डोंगर, मधून उगवणारा सूर्य, उतरत्या छपराचं घर आणि नारळाचं झाड काढलं. आलापल्लीत नारळाचं झाड शोधावं लागतं, हे मलाही खटकलं नाही आणि त्यांनाही नाही. ते झाड चित्रकलेच्या पुस्तकातून आलं होतं.

एका मुलाचं चित्र वेगळं होतं. त्यानं डेपो काढला होता. एक जाड ओंडका, त्याला दोर बांधलेला, दोरातून आडवी बल्ली घातलेली आणि बल्लीला खांदा दिलेली चार माणसं. माणसांच्या पाठी आमच्याकडे होत्या, तोंडं दिसत नव्हती. गुडघे वाकलेले, मान आत गेलेली. प्रमाणं सगळी चुकलेली, डोकी मोठी आणि हात आखूड. मी विचारलं, “हे काय काढलंस?”

तो म्हणाला, “सर, हा माझा बाप आहे. गाडी भरून राहिला.”

मी त्याला पन्नासपैकी सतरा गुण दिले. वर सांगितलं, “परीक्षेत असं काढू नकोस. परीक्षकाला प्रसन्न दृश्य आवडतं. बाजार काढ, रंगीत दिसतो.” त्यानं मान हलवली आणि पुढच्या तासाला बाजार काढला. केळी पिवळी, टोपल्या तपकिरी, लुगडी लाल. मी त्याला बत्तीस गुण दिले.

ही गोष्ट मी विसरून गेलो होतो. ती आठवली ती जानेवारी २०२० मध्ये, मुंबईत. निवृत्तीनंतर मुलाकडे डोंबिवलीला गेलो होतो. सून म्हणाली, “बाबा, दिवसभर घरात बसून काय करता, चित्रांचं एक मोठं प्रदर्शन लागलंय, जाऊन या.” राष्ट्रीय आधुनिक कला दालन म्हणजे रीगल चौकातली ती जुनी कावसजी जहांगीर सभागृहाची वास्तू. आत अर्धगोल मजले एकावर एक चढत जातात आणि शेवटी घुमट येतो. त्या सगळ्या मजल्यांवर एकाच माणसाची चित्रं होती. सुधीर पटवर्धन. कलासमीक्षक नॅन्सी अदजानिया यांनी मांडलेलं हे सिंहावलोकन नोव्हेंबर २०१९ पासून सुरू होतं.

मी डोंबिवलीहून लोकलनं आलो होतो. दोन तास ज्या माणसांच्या खांद्याला खांदा लावून उभा होतो, तीच माणसं भिंतींवर होती. रेल्वेच्या पुलावरून चालणारी, डब्यात बसलेली, इराण्याच्या हॉटेलात चहासमोर बसलेली, रस्त्यावरच्या नाटकाभोवती गोळा झालेली. चित्रं पाहता पाहता एका वळणावर मला तो सतरा गुणांचा कागद आठवला. पुढची चित्रं मी नीट पाहू शकलो नाही. दुसऱ्या दिवशी परत गेलो.

आता या चित्रकाराची हकीकत.

सुधीर पटवर्धन यांचा जन्म १९४९ साली पुण्याचा. त्यांनी चित्रकलेची पदवी घेतली नाही, कुठल्या कलाशाळेत रीतसर शिकले नाहीत. पुण्याच्या आर्म्ड फोर्सेस मेडिकल कॉलेजातून १९७२ साली ते डॉक्टर झाले. पुढच्या वर्षी मुंबईत आले. १९७५ पासून तब्बल तीस वर्षं, म्हणजे २००५ पर्यंत, त्यांनी ठाण्यात क्ष-किरणतज्ज्ञ म्हणून व्यवसाय केला. साध्या भाषेत सांगायचं तर एक्स-रेचे डॉक्टर. दिवसा लोकांची हाडं, फुप्फुसं पाहायची आणि उरलेल्या वेळात चित्रं काढायची. २००५ नंतर त्यांनी दवाखाना सोडला आणि पूर्ण वेळ चित्रांना दिला.

१९७३ हे साल आमच्या भागातल्या लोकांना वेगळ्या कारणानं आठवतं. त्या वर्षीच्या डिसेंबरात बाबा आमटे यांनी हेमलकशाला लोक बिरादरी प्रकल्पाची सुरुवात केली. त्यासाठी आलेली माणसं आमच्या आलापल्लीवरूनच पुढे गेली. मला नेहमी वाटतं, तो काळच तसा होता. शिकलेल्या तरुण मुलांना आपलं शिक्षण कुणाच्या उपयोगाचं, हा प्रश्न छळत होता. कुणी त्याचं उत्तर शोधायला जंगलात गेलं, कुणी कामगार वस्तीत. पटवर्धनांवर विद्यार्थिदशेत मार्क्सच्या विचारांचा प्रभाव पडला होता. कष्टकरी माणूस हा इतिहास घडवणारा माणूस आहे, हे त्यांनी वाचलं होतं. मुंबई-ठाण्यात तो माणूस रोज त्यांच्यासमोर येऊ लागला. रस्त्यावर आणि दवाखान्यातही.

इथं थोडं मागं जाऊ. कष्टाचं काम करणारा माणूस चित्रात येणं ही आज आपल्याला साधी गोष्ट वाटते. ती साधी नव्हती. युरोपात शतकानुशतकं मोठ्या चित्राचा मान देवांना, राजांना आणि लढायांना होता. १८४९ साली फ्रान्समध्ये गुस्ताव्ह कुर्बे यानं रस्त्यावर खडी फोडणारे दोन मजूर काढले, एक म्हातारा आणि एक पोरगा. त्यांची तोंडं दिसत नाहीत. एवढ्या मोठ्या आकारात, एवढ्या गांभीर्यानं असली माणसं काढायची कशाला, म्हणून टीका झाली. ते मूळ चित्र दुसऱ्या महायुद्धात १९४५ साली नष्ट झालं. १८५७ मध्ये मिले या चित्रकारानं कापणी झालेल्या शेतात वाकून कणसं वेचणाऱ्या तीन बाया काढल्या, तेव्हाही लोक बिचकले.

त्याच १८५७ साली मुंबईत जे. जे. स्कूल ऑफ आर्टची सुरुवात झाली. तिथून आपल्याकडे हुबेहूब चित्रं काढणारी मोठी परंपरा तयार झाली. कोल्हापूरच्या महादेव विश्वनाथ धुरंधरांनी मुंबईतल्या नाना धंद्यांच्या माणसांची सुरेख रेखाटनं केली. पण एकूण पाहिलं तर मान व्यक्तिचित्रांना, पुराणातल्या प्रसंगांना आणि निसर्गदृश्यांना होता. मजूर आला तरी ‘नमुना’ म्हणून यायचा. बंगालमध्ये चित्र पालटायला लागलं. शांतिनिकेतनात रामकिंकर बैज यांनी १९३८ साली संथाळ कुटुंबाचं मोठं शिल्प उभं केलं, तेही खडी आणि सिमेंटमध्ये. चित्तप्रसाद यांनी १९४३ च्या दुष्काळातली माणसं जागेवर जाऊन रेखाटली.

मराठीत मात्र चित्राआधी हा माणूस शब्दांत आला. नारायण सुर्वे यांचं ‘माझे विद्यापीठ’ १९६६ सालचं, नामदेव ढसाळांचा ‘गोलपिठा’ १९७२ सालचा. पटवर्धन डॉक्टर झाले ते नेमकं याच वर्षी. म्हणजे कविता गिरणगावात आणि कामाठीपुऱ्यात पोचली होती. रंग आणि ब्रश अजून पोचायचे होते.

पटवर्धनांनी १९७७ च्या सुमारास जी माणसं काढली ती अंगानं जड आहेत. रुंद खांदे, जाड मनगटं, शरीराला एक वजन. फ्रान्सच्या फर्नां लेजे या चित्रकाराचा, सेझानचा त्यांनी बारकाईनं अभ्यास केला होता. शाळेत गेले नाहीत म्हणजे शिकले नाहीत असं नव्हे. पुस्तकांतली चित्रं पाहून, स्वतः काढून, चुकून, पुन्हा काढून ते शिकले. शिक्षक म्हणून मी सांगतो, स्वतः शिकणाऱ्या माणसाचे कष्ट दुप्पट असतात, कारण चूक दाखवायला कुणी नसतं आणि शाबासकी द्यायलाही कुणी नसतं.

‘इराणी रेस्टॉरंट’ हे चित्र १९७७ सालचं. १९८० चं ‘ट्रेन’. १९८१ चं ‘ओव्हरब्रिज’, म्हणजे रेल्वेचा पादचारी पूल. ही नावंच पाहा. यांत कुठं वीरपणा नाही, कुठं करुणेची हाक नाही. आपण ज्या जागांवरून रोज जातो आणि ज्यांना जागाही म्हणत नाही, त्यांची नावं चित्रांना आहेत. मोर्च्याचं भित्तिपत्रक असतं ना, त्यात मूठ वळलेला, छाती काढलेला कामगार असतो. पटवर्धनांचा कामगार तसा क्वचितच भेटतो. तो बहुधा कामावर चाललेला असतो किंवा कामावरून परतत असतो. थकलेला असतो, स्वतःच्या विचारात असतो. मला तर वाटतं, एक्स-रे काढणाऱ्या माणसालाच ही दृष्टी येऊ शकते. त्याच्यापुढे माणूस शर्ट काढून उभा राहतो. कुणाच्या खांद्याचं हाड झिजलंय, कुणाच्या छातीत धूळ साचलीय, हे त्याला घोषणेतून कळत नाही, शरीरातून कळतं.

पहिलं स्वतंत्र प्रदर्शन झालं १९७९ साली, दिल्लीला, इब्राहिम अल्काझी यांच्या ‘आर्ट हेरिटेज’ दालनात. दोन वर्षांनी, १९८१ मध्ये, ‘प्लेस फॉर पीपल’ नावाचं प्रदर्शन मुंबईत आणि दिल्लीत झालं. नावाचा अर्थच ‘माणसांसाठी जागा’. भूपेन खख्खर, गुलाममोहम्मद शेख, विवान सुंदरम, जोगेन चौधरी, नलिनी मलानी आणि सुधीर पटवर्धन असे सहा चित्रकार. समीक्षक गीता कपूर यांनी त्यासाठी निबंध लिहिला. त्या काळात अमूर्त चित्रांचा जोर होता. या सहा जणांनी म्हटलं, चित्रात माणूस परत आला पाहिजे, त्याची गोष्ट परत आली पाहिजे. आज आपल्या कलेच्या इतिहासात ते प्रदर्शन एक टप्पा म्हणून गणलं जातं.

या सहांपैकी भूपेन खख्खर यांचीही गंमत सांगण्याजोगी आहे. ते चार्टर्ड अकाउंटंट होते. मुंबईत वाढले आणि बडोद्याला जाऊन हिशेबाची नोकरी करता करता चित्रं काढू लागले. न्हाव्याचं दुकान, शिंप्याचं दुकान, घड्याळ दुरुस्त करणारा, असे त्यांचे विषय. इंग्लंडमध्ये एल. एस. लाउरी नावाचे चित्रकार होऊन गेले. त्यांनी गिरण्यांच्या गावातली गर्दी आयुष्यभर काढली. ते घरभाडं वसूल करायचे. रात्रीच्या वर्गांत चित्रकला शिकले, पण नोकरी १९५२ मध्ये निवृत्त होईपर्यंत सोडली नाही. भाडं गोळा करणारा, हिशेब तपासणारा, एक्स-रे काढणारा. या तिघांनाही कामानिमित्त लोकांच्या दारात, दुकानात, शरीराजवळ जावं लागलं. तिथं त्यांनी डोळे उघडे ठेवले.

पुढच्याच वर्षी, १८ जानेवारी १९८२ रोजी, दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली मुंबईतला गिरणी संप सुरू झाला. सुमारे अडीच लाख कामगार. तो संप कधी रीतसर मागे घेतला गेला नाही आणि कामगार बहुतेक कामावर परतलेही नाहीत. हळूहळू गिरण्या बंद झाल्या. आमच्यासाठीही १९८२ हे साल महत्त्वाचं. त्याच वर्षी २६ ऑगस्टला चंद्रपूरमधून गडचिरोली जिल्हा वेगळा झाला. इकडे नवा जिल्हा जन्मत होता आणि तिकडे मुंबईत कष्टकऱ्यांचं एक अख्खं जग मोडायला लागलं होतं.

पटवर्धनांची चित्रं ओळीनं पाहिली की ही मोडतोड दिसते. आधी एकटा माणूस, मोठा, चौकट भरून. मग १९८४ च्या ‘टाउन’पासून चित्र पसरतं. झोपड्या, इमारती, रूळ, नाले, टेकड्या आणि त्यांच्यामधे लहान होत गेलेली माणसं. ठाणं, उल्हासनगर यांसारखी वाढत, फुगत चाललेली गावं. १९९२-९३ च्या दंगलींनंतर चित्रांत हिंसा आणि संशय शिरले. कष्टकरी म्हणजे एक जूट असलेला वर्ग, हा तरुणपणीचा विश्वास तेव्हा डळमळला असणार. २००१ च्या ‘लोअर परळ’ या चित्रात गिरणगाव बदलताना दिसतं. ज्या भोंग्यावर लाखो माणसं उठत होती, त्या जागी काचेच्या इमारती येऊ लागल्या होत्या. पुढं तिथं मॉल झाले. आज तिथं फिरणाऱ्या मुलाला सांगितलं की इथं कापड विणलं जायचं, तर त्याला ते खरं वाटत नाही. त्याला दाखवायला काय आहे? काही छायाचित्रं, काही कविता आणि ही चित्रं. म्हणून मी या चित्रांना इतिहासाची कागदपत्रं मानतो.

आता एक अवघड गोष्ट. नारायण सुर्वे स्वतः त्या वस्तीत वाढले, ढसाळही. पटवर्धन डॉक्टर होते, मध्यमवर्गीय होते. दुसऱ्याच्या कष्टाचं चित्र काढून ते दालनात लावायचं आणि ते विकत घेणार कोण, तर ज्याला विकत घेणं परवडतं तो. ज्याचं चित्र आहे तो तिथं पाऊलही टाकणार नाही. हे बरोबर आहे का?

हा प्रश्न मी त्यांना विचारण्याची गरज नाही, कारण त्यांनी तो स्वतःला सतत विचारला आहे. आपण ज्यांची चित्रं काढतो त्यांना त्यात स्वतःची ओळख पटावी, ही त्यांची सुरुवातीपासूनची इच्छा. ती पुरती साधत नाही, हेही त्यांनी कबूल केलं. कवी आणि समीक्षक रणजित होस्कोटे यांनी २००४ साली त्यांच्यावर लिहिलेल्या पुस्तकाच्या नावात त्यांना जो शब्द वापरला, त्याचा अर्थ ‘सामील असलेला निरीक्षक’. म्हणजे बाहेरून पाहणारा, पण जे चाललंय त्याच्या जबाबदारीतून स्वतःला सोडवून न घेणारा. मला तो शब्द पटला. वर्गात मीही निरीक्षकच होतो. सामील होतो का, हे मात्र मी तपासलं नव्हतं.

पटवर्धनांनी एक गोष्ट आणखी केली, जी आम्हा लहान गावांतल्या लोकांनी विसरू नये. मोठ्या चित्रकारांचं काम मुंबई-दिल्लीबाहेर कधी जातच नाही, हे त्यांना खुपत होतं. २००८-०९ च्या सुमारास त्यांनी ‘विस्तारणारी क्षितिजे’ नावाचं समकालीन चित्रांचं प्रदर्शन आखलं आणि ते महाराष्ट्रातल्या शहरांतून फिरवलं. नागपूरलाही ते आलं होतं. मी तेव्हा नोकरीत होतो. दहावीचे सराव वर्ग चालू होते आणि आलापल्लीहून नागपूर म्हणजे एक दिवस जाण्याचा, एक येण्याचा. मी गेलो नाही. त्यानंतर अकरा वर्षांनी मुंबईत जे पाहिलं, त्याची चुणूक मला तिथं मिळाली असती. कदाचित माझ्या शेवटच्या काही वर्गांना तरी माझा फायदा झाला असता.

स्वतः शिकलेल्या चित्रकाराचं दुसरं उदाहरण महाराष्ट्रात आहे आणि ते आमच्यासारख्या जंगलातल्या लोकांना जवळचं वाटेल. डहाणू तालुक्यातल्या गंजाडचे जिव्या सोमा म्हसे. १९३४ चा जन्म. लहानपणी आई गेली, तेव्हा म्हणे त्यांनी बोलणंच सोडलं आणि मातीत चित्रं काढून ते सांगू लागले. वारली चित्रं ही एरवी लग्नाच्या विधीतली, भिंतीवर बायकांनी काढायची. म्हसे यांनी ती कागदावर आणली आणि त्यांत भाताची लावणी, मासे धरायचं जाळं, माणसं, मुंग्या, पाखरं सगळं आणलं. २०११ साली त्यांना पद्मश्री मिळाली, २०१८ मध्ये ते गेले. त्यांची रेघ आतल्या माणसाची होती. पटवर्धनांची नजर बाहेरून जवळ गेलेल्या माणसाची. मी दोघांना शेजारी ठेवतो, कारण आमच्याकडे अजून दोन्ही कमी आहेत. आतून काढणाऱ्या पोराला आम्ही सतरा गुण देतो आणि बाहेरून येणारा फक्त साग पाहतो.

पाहा ना. २०२३ साली अयोध्येच्या राममंदिराच्या दारांसाठी आमच्या भागातलं सागवान गेलं. बल्लारपूरहून लाकडाची मिरवणूक निघाली. ढोल वाजले, फुलं उधळली गेली. चांगलंच झालं, आम्हाला अभिमान वाटला. पण लाकूड काही आपण होऊन गाडीत चढत नाही. पूर्वी जंगलातून ओंडके ओढायला हत्ती होते, त्यांची नावं आणि वंश आजही कमलापूरला लोक सांगतात. हमालांची नावं? मे महिन्यात पहाटे तेंदूची पानं तोडायला जाणाऱ्या, ७० पानांचा एक पुडा या हिशेबानं संध्याकाळपर्यंत मान मोडून पुडे बांधणाऱ्या बायका? मोहाची फुलं वेचणारी पोरं? त्यांचं एकही मोठं चित्र मी पाहिलेलं नाही. आणि हे काम असंच राहणार नाही. यंत्रं आली आहेत, खाणी आल्या आहेत, तरुण मुलं हैदराबादला, पुण्याला जाऊ लागली आहेत. गिरणगाव डोळ्यांदेखत पुसलं गेलं, तसं हेही पुसलं जाईल. तिकडे निदान एक डॉक्टर दवाखाना बंद करून संध्याकाळी ब्रश हातात घेत होता.

मुंबईहून परतल्यावर मी त्या मुलाचा शोध घेतला. शोध कसला, गावातलाच तो. आता चाळिशीला आला आहे. दहावीनंतर शिकला नाही, ट्रकवर होता, मग स्वतःची लहान गाडी घेतली. वडील जाऊन बरीच वर्षं झाली. बसस्थानकाजवळच्या टपरीवर गाठ पडली. मी त्याला म्हटलं, “तू डेपोचं चित्र काढलं होतंस, आठवतं? मी तुला कमी गुण दिले होते. चूक माझी होती. ते वर्गातलं सगळ्यात चांगलं चित्र होतं.”

तो जरा गोंधळला. मग हसून म्हणाला, “कोणतं चित्र सर? मला तर बाजाराचं आठवते. तुम्ही बत्तीस मार्क दिले होते.”

मी चहाचे पैसे द्यायला लागलो, तर त्यानं देऊ दिले नाहीत.

मंडळी, मी त्याच्या बापाचं चित्र त्याच्या आठवणीतूनही काढून टाकलं होतं. एका माणसाचं काम, त्याच्या पाठीचा तो बाक कुठं तरी कागदावर राहिला असता. तो मी सतरा गुणांत संपवला. इतिहास असा पुसला जातो. त्याला दरवेळी जाळपोळ लागत नाही, चांगल्या मनाचा एक मास्तर पुरतो.

आता रविवारी सकाळी माझ्या ओसरीवर सात-आठ मुलं येतात. फी नाही, परीक्षा नाही. मी त्यांना पटवर्धनांच्या चित्रांचं पुस्तक दाखवतो. सुरुवातीला मुलं म्हणतात, “सर, यात तर काहीच नाही, लोक नुसते चालून राहिले.” मी म्हणतो, बरोबर, आता तुमच्या घरातलं कोण चालतं, कुठं जातं, काय उचलतं, ते नीट बघून या. पुढच्या रविवारी ती बघून येतात. कुणाची आई पाण्याचा गुंड उचलताना कोणत्या पायावर भार देते, कुणाचा आजा कुऱ्हाडीला धार कशी लावतो. चित्रं वेडीवाकडी असतात. नारळाचं झाड अजून अधूनमधून येतं. आलं की मुलं आपणच एकमेकांना हसतात आणि खोडतात.

चित्राखाली मी त्यांना तीन गोष्टी लिहायला सांगतो. कुणाचं चित्र, कोणतं काम, कोणती तारीख. गुण देत नाही. गेल्या रविवारी एका मुलीनं तिच्या आजीला तेंदूचे पुडे बांधताना काढलं आणि खाली आजीचं पूर्ण नाव लिहिलं, बापाच्या नावासकट. कागद घरी नेऊन आजीला दाखवला. आजीनं तो बराच वेळ पाहिला म्हणे, आणि विचारलं, “हात येवढे मोठे काहून काढले?”

मुलगी मला म्हणाली, “सर, हात खरंच मोठे आहेत तिचे.”